मतदारराजा आणि कातड्यांचा निरीक्षक

इसवी सन २००७ च्या नोव्हेंबरात अमेरिकेतील टेक्सस राज्याच्या मतदारांपुढे घटनादुरुस्तीचे सोळा प्रश्न ठेवण्यात आले, आणि त्यांतील दहावा प्रश्न असा होता, की ‘कातडी व जनावरे यांचा निरीक्षक’ या हुद्द्याला राज्याच्या घटनेत जो आधार आहे तो काढून टाकावा की राहू द्यावा. ज्या काळी गुरे मोकळ्या माळावर चरत, वासरावर एकाचा डाग तर गाईवर दुसऱ्याचा अशी गल्लत नित्य होई, आणि चोरीला गेलेल्या जनावराचे कातडे धन्याला खबर लागण्यापूर्वीच बाजारात विकले जाई, त्या काळी कातड्यावरचा डाग निरखून त्याचा खरा मालक सांगणारा हा अंमलदार मोठ्या वकुबाचा इसम असला पाहिजे. पुढे माळांना कुंपणे पडली, आगगाड्या आल्या, निरीक्षकाला निरखण्याजोगे काही उरले नाही. तरी घटनेतले त्याचे नाव आणि त्याच्या अधिकाराची मुदत चार वर्षांची राहील ही तजवीज, दोन्ही शाबूत राहिली. अखेर कुणाच्याच नजरेस न पडणाऱ्या या गृहस्थाला चाकरीवरून कमी करण्यासाठी विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी दोन-तृतीयांश मतांनी ठराव केला, ठरावाच्या जाहिराती वर्तमानपत्रांत झळकल्या, मतपत्रिका छापल्या गेल्या, आणि बहुसंख्य मतदारांनी ‘अनुकूल’ या शब्दापुढे खूण करून त्याला नारळ दिला.

येथवर सारे रीतसर झाले. पण हजारो मतदारांनी ‘प्रतिकूल’ या शब्दापुढे खूण केली, म्हणजे निरीक्षक राहिलाच पाहिजे असा कौल दिला, त्याचा उलगडा मला अद्याप होत नाही. हे लोक कोण असावेत? ज्यांच्या पणजोबांचा बैल चोरीस गेला आणि अजून सापडला नाही, असे काही असतील. सरकारने काढलेला कोणताही कागद दिसला की आधी ‘नाही’ म्हणावे आणि मग वाचावे, अशा सावध वृत्तीचे काही असतील. आणि जागा रिकामी आहे ही बातमी या मतपत्रिकेवरूनच प्रथम कळल्यामुळे, आपल्या थोरल्या चिरंजिवांचे तेथे जमते का हे पाहणारे एखाददुसरे तीर्थरूपही असतील. त्याच मतपत्रिकेवर, थोडे खाली, कर्करोगाच्या संशोधनासाठी राज्याने तीनशे कोटी डॉलरांचे रोखे काढावेत काय, असाही प्रश्न होता. एका खुणेने तीनशे कोटी मंजूर करावयाचे आणि दुसऱ्या खुणेने एक निरीक्षक बडतर्फ करावयाचा, हा अधिकार आमच्याकडे मोगल बादशहाला होता. तेथे तो पेट्रोल पंपावरच्या पोऱ्यालाही आहे, फक्त त्याचे वय अठरा असले म्हणजे झाले.

आपणां भारतीयांना हा प्रकार चमत्कारिक वाटतो, कारण घटनेची दुरुस्ती ही आपल्या दृष्टीने दिल्लीस घडणारी आणि दुसऱ्या दिवशी सकाळी चहाबरोबर कळणारी गोष्ट आहे. तीनशे अडुसष्टाव्या कलमान्वये संसदेने विशेष बहुमताने विधेयक संमत करावे, प्रश्न राज्यांच्या अधिकाराचा असल्यास निम्म्या विधानसभांनी माना डोलवाव्यात, राष्ट्रपतींनी सही करावी, की दुरुस्ती झाली. आजवर शंभरावर दुरुस्त्या झाल्या. त्यांतील एकीच्याही बाबतीत कुणी आपल्या दाराची कडी वाजवून ‘काका, तुमचे काय म्हणणे?’ असे विचारल्याचे स्मरत नाही. शिवाय महाराष्ट्राला स्वतःची अशी घटनाच नाही, त्यामुळे ती दुरुस्त करण्याचा योगही येत नाही. अमेरिकेत मात्र पन्नास राज्यांच्या पन्नास घटना, आणि एक डेलावेअर वगळले तर उरलेल्या एकोणपन्नास राज्यांत असा शिरस्ता, की विधिमंडळाने कितीही कंठशोष केला तरी मतदारांनी होकार दिल्यावाचून घटनेत दुरुस्ती व्हावयाची नाही. डेलावेअरचे विधिमंडळ लागोपाठच्या दोन कारकिर्दींत दोन-तृतीयांश मतांनी तोच ठराव करून आपले काम आपणच उरकते. त्या राज्यातील मतदार इतरांच्या मानाने अधिक झोप घेत असावेत असा माझा तर्क आहे.

आता एकोणपन्नास राज्यांतील कोट्यवधी माणसांना विचारावयाचे म्हटले, की विचारण्याचा कागद त्यांच्यापर्यंत पोहोचविणे आले. आणि तो पोहोचेपर्यंत मूळ दुरुस्तीचे काय काय होते, हा माझ्या मते राज्यशास्त्रापेक्षा विनोदी वाङ्मयाचा विषय आहे.

प्रथम हे प्रश्न इतके निघतात कसे, ते सांगितले पाहिजे. एकोणिसाव्या शतकात आगगाडीच्या कंपन्यांनी राज्याराज्यांतील आमदार इतक्या वेळा विकत घेतले, की लोकांचा विधिमंडळांवरील विश्वास उडाला, आणि आमदारांनी काय करू नये याची यादी लोकांनी थेट घटनेतच घालून टाकली. यादी एकदा घटनेत गेली, की तीतले एक अक्षर हलवायलाही दुरुस्ती लागते. अमेरिकेची संघराज्याची घटना सगळ्या दुरुस्त्यांसकट साडेसात हजार शब्दांच्या आसपास आहे. अलाबामा राज्याची १९०१ ची घटना वाढत वाढत साडेतीन लाख शब्दांच्या पलीकडे गेली आणि तिला नऊशेंवर दुरुस्त्या जडल्या. ही घटना मुळात काळ्या लोकांचा मताधिकार हिरावून घेण्याच्या उघड हेतूने लिहिली गेली, आणि लिहिणाऱ्यांनी त्याच बैठकीत जिल्ह्यांचे अधिकारही राजधानीत कुलूपबंद करून ठेवले. परिणामी एखाद्या जिल्ह्यात धर्मादाय संस्थेला बिंगोचा खेळ चालवावयाचा असेल, तरी घटनादुरुस्ती! एका जिल्ह्याच्या बिंगोने भागत नाही. शेजारच्या जिल्ह्याची बिंगोची दुरुस्ती निराळी, आणि त्याच्या शेजारच्याची आणखी निराळी. न्यूयॉर्क राज्याच्या घटनेत ॲडिरॉन्डॅकच्या सरकारी अरण्याने कायम अरण्यच राहावे, असे १८९४ साली घातले गेले. हेतू इतका उदात्त, की त्याबद्दल शब्द काढावयाची सोय नाही. पण त्यामुळे व्हाइटफेस पर्वताच्या उतारावर बर्फात घसरण्यासाठी वाटा काढावयाच्या झाल्या, तेव्हा १९४१ साली राज्यभरच्या मतदारांची परवानगी घ्यावी लागली. मॅनहॅटनच्या सतराव्या मजल्यावर, खिडकीत तुळशीएवढीही हिरवळ नसलेल्या माणसाने शेकडो मैलांवरच्या डोंगरातील झाडांचे भवितव्य ठरवावयाचे, हा अधिकार आमच्या वनखात्याच्या मोठ्या साहेबालाही नसावा.

दुरुस्तीचा जन्म दोन ठिकाणी होतो. एक विधिमंडळात, तो राजमान्य व कुलीन जन्म. दुसरा वाणसामानाच्या मोठ्या दुकानाबाहेर, आणि हा अधिक प्रेक्षणीय. १९०२ साली ऑरेगन राज्याने आणि १९११ साली कॅलिफोर्नियाने असा कायदा केला, की पुरेशा मतदारांनी सह्या केल्या तर विधिमंडळाला वळसा घालून दुरुस्ती सरळ मतदानाला नेता येईल. कॅलिफोर्नियात घटनादुरुस्तीसाठी गव्हर्नराच्या निवडणुकीत पडलेल्या मतांच्या आठ टक्के सह्या लागतात. २०१६ साली हा आकडा ५,८५,४०७ होता. इतक्या सह्या निव्वळ कळकळीपोटी गोळा होत नाहीत. त्या दर सहीमागे पैसे मोजून गोळा करवाव्या लागतात, आणि त्याचा स्वतंत्र धंदाच तेथे आहे.

त्या वर्षीच्या वसंतात मी कॅलिफोर्नियातल्या सनीवेलला भाचीकडे मुक्कामाला होतो. तेथील दुकानाच्या दाराशी घडीचे टेबल मांडून एक तरणाबांड मुलगा उभा असे. त्याच्या टेबलावर चारपाच पुठ्ठ्यांना चिमट्यांनी निरनिराळे अर्ज लावलेले असत, आणि येणाऱ्याचा चेहरा पाहून कोणता पुठ्ठा पुढे करावयाचा हे तो क्षणार्धात ठरवी: म्हातारा दिसला तर औषधांच्या किमतीचा, बाबागाडी ढकलणारी आई दिसली तर शाळांचा. आमची भाची कोथिंबिरीची जुडी सांभाळत बाहेर आली, तेव्हा त्याने विचारले, ‘‘बाई, मुलांच्या शिक्षणाला तुमचा पाठिंबा आहे ना?’’ आता या प्रश्नाला ‘नाही’ म्हणणारी आई अद्याप जन्माला यावयाची आहे. तिने कोथिंबीर माझ्या हाती दिली आणि सही केली. मग त्याने दुसरा पुठ्ठा पुढे केला, मग तिसरा. आणि कोथिंबीर, दही व पावाची लादी माझ्या दोन्ही हातांत साठत असता तिने सरकारी कर्ज, तंबाखू आणि तुरुंग या तीन विषयांवर राज्याच्या भवितव्याला हातभार लावला. ‘‘मजकूर वाचलास का?’’ असे मी मोटारीत विचारले, तेव्हा ती म्हणाली, ‘‘मामा, ही तर नुसती मतदानाला ठेवावी म्हणून सही. वाचायचं ते नोव्हेंबरात.’’ हे वाक्य मी लक्षात ठेवले.

मसुदा कोठूनही आला, तरी तो जसाच्या तसा मतदाराच्या हाती पडत नाही. मतपत्रिकेवर जागा ती किती, आणि मसुदा कधी कधी वीस पानांचा! म्हणून त्याचा गोषवारा करावयाचा, आणि गोषवारा करणाऱ्याच्या हाती राज्याची किल्ली सोपवावयाची. कॅलिफोर्नियात राज्याचा ॲटर्नी जनरल शंभर शब्दांत मथळा व सारांश लिहितो. फ्लोरिडात लोकांनी आणलेल्या दुरुस्तीचा सारांश पंचाहत्तर शब्दांच्या आत व मथळा पंधरा शब्दांच्या आत बसवावा लागतो. विधिमंडळाने स्वतः आणलेल्या दुरुस्तीला मात्र ही शब्दांची मर्यादा लागू नाही, यावरून कायदे कोण लिहितो हे सुज्ञांस सांगणे नलगे. टेक्ससात कोणती दुरुस्ती मतपत्रिकेवर कितव्या क्रमांकावर छापावी हे चिठ्ठ्या टाकून ठरवितात. तेवढा एक टप्पा निःपक्षपाती असल्याबद्दल मला शंका नाही.

गोषवारा ही कला आहे. २०१३ साली न्यूयॉर्क राज्यात जुगाराचे सात अड्डे उघडू द्यावेत काय, असा प्रश्न होता. परंतु मतपत्रिकेवर तो अशा थाटात उतरला, की रोजगार वाढविण्यासाठी, शाळांना अधिक मदत मिळण्यासाठी आणि स्थानिक संस्थांना घरपट्टी कमी करता यावी यासाठी जुगारगृहांना परवानगी देण्यात यावी काय. इतक्या पुण्यकर्मांच्या पंगतीत बसलेल्या जुगाराला उठवील कोण? मतदारांनी होकार दिला. मिझुरी राज्यात याहून सूक्ष्म काम झाले. २०१८ साली तेथील मतदारांनी एक दुरुस्ती मंजूर करून, मतदारसंघांच्या हद्दी आखण्याचे काम पक्षनिरपेक्ष तज्ज्ञाकडे सोपविले, आणि आमदारांना लॉबीवाल्यांकडून पाच डॉलरांहून अधिक किमतीची भेट घेता येऊ नये असेही ठरविले. दोनच वर्षांनी विधिमंडळाने नवी दुरुस्ती आणली. तिच्या आरंभी ठळकपणे हे होते, की पाच डॉलरांचीही भेट नको, भेटी समूळ बंद! वाचणाऱ्याचा ऊर भरून यावा. त्यापुढे, ऊर भरून आल्यावर डोळे पुसता पुसता वाचावयाच्या ओळीत, हद्दी आखणाऱ्या तज्ज्ञाची उचलबांगडी होती. आमदारांनी पाच डॉलरांचा त्याग केला आणि मतदारसंघ परत मिळविले. निसटत्या बहुमताने का होईना, मतदारांनी ते मान्य केले. या गोळीवरच्या साखरेला तिकडच्या वर्तमानपत्रांत ‘मतपत्रिकेवरची मिठाई’ असेच म्हणतात.

फ्लोरिडाने तर मिठाईऐवजी मिसळच केली. तेथे वीस वर्षांतून एकदा घटनेचा फेरविचार करणारे मंडळ नेमले जाते आणि त्याला दोनतीन विषय एकाच प्रश्नात बांधण्याची मुभा असते. २०१८ साली या मंडळाने मतदारांना विचारले, की समुद्रात तेलविहिरी खोदण्यास आणि बंद जागेत विजेची सिगारेट ओढण्यास बंदी घालावी काय. मिळून एकच प्रश्न, एकच खूण. ज्याला तेल नको पण सिगारेट हवी, त्याने काय करावे? मंडळाचे म्हणणे, हवा शुद्ध राहणे हा दोहोंतील समान धागा आहे. अशा धाग्याने बांधावयाचे म्हटले तर चितळ्यांची बाकरवडी आणि कोयनेचे धरण ही दोन्ही महाराष्ट्राची भूषणे म्हणून एका कलमात आणता येतील. हेही मंजूर झाले.

आता प्रसिद्धी. आमच्या खेडेगावात पूर्वी सरकारी हुकूम कळविण्याची रीत सोपी होती. डफ वाजवीत दवंडी फिरे, आणि ती ऐकली नाही असे म्हणण्याची सोय कुणाला नसे. अमेरिकेने दवंडीचे काम वर्तमानपत्रांकडे दिले. बहुतेक राज्यांच्या घटनांत हा दंडक, की दुरुस्तीचा मजकूर मतदानापूर्वी इतक्या इतक्या अवधीत वर्तमानपत्रांत छापला गेलाच पाहिजे. ‘तमाम लोकांस या जाहीर नोटिशीने कळविण्यात येते की’ या शब्दांनी सुरू होणारा आणि मुंगीच्या पावलांएवढ्या टायपात छापलेला मजकूर आपल्याकडे वादी, प्रतिवादी, त्यांचे वकील आणि मुद्रितशोधक यांच्यापलीकडे कुणी वाचल्याचे ऐकिवात नाही. तिकडेही परिस्थिती निराळी नसावी. पण वाचणे वेगळे आणि छापणे वेगळे. छापावयाचे राहिले, तर मात्र आकाश कोसळते.

पेनसिल्व्हेनियात सदुसष्ट जिल्हे आहेत, आणि दर जिल्ह्यातील किमान दोन वर्तमानपत्रांत दुरुस्ती छापावी लागते. तीही विधिमंडळाच्या लागोपाठच्या दोन कारकिर्दींत, म्हणजे दोनदा. लहानपणी अत्याचार सोसलेल्या माणसांना, मुदत टळून गेली असली तरी, दावा लावण्यास दोन वर्षांची सवड द्यावी अशी एक दुरुस्ती तेथे विधिमंडळाने एकदा मंजूर केली होती, आणि २०२१ च्या आरंभी असे उघडकीस आले, की संबंधित खात्याने ती वर्तमानपत्रांत छापवूनच घेतली नाही. खात्याच्या मुख्य अधिकारी बाईंनी राजीनामा दिला. वर्षानुवर्षे थांबलेल्या माणसांना पुन्हा पहिल्या पायरीवर उभे राहावे लागले. येथे मला विनोद सुचत नाही.

युटा राज्यात २०२४ साली जे घडले, त्यात मात्र विनोदाला वाव आहे. लोकांनी सह्या गोळा करून मंजूर केलेले कायदे विधिमंडळाला बदलता वा रद्द करता यावेत, अशी दुरुस्ती तेथील विधिमंडळाने आणली, आणि मतपत्रिकेवर तिचे वर्णन, लोकांचा हा अधिकार बळकट करणारी, असे केले. शिवाय घटनेतील दोन महिन्यांच्या जाहिरातीचे कलम पाळावयाचे राहूनच गेले. न्यायालयाने दोन्ही कारणांनी ती रद्दबातल ठरविली. पण मतपत्रिकांची छपाई खोळंबून राहणे शक्य नव्हते, म्हणून प्रश्न मतपत्रिकेवर तसाच राहिला आणि मते मात्र मोजावयाची नाहीत असे ठरले. लग्न मोडले तरी मांडव तसाच, आणि पाहुण्यांनी अक्षता टाकण्यास हरकत नाही! कित्येकांनी त्या प्रश्नापुढेही निष्ठेने खूण केली असेल, याबद्दल मला तिळमात्र संदेह नाही; प्रश्नपत्रिकेत आला तो प्रश्न सोडवावयाचा, ही शिस्त केवळ आमच्याच शाळांतून असते असे थोडेच आहे?

वर्तमानपत्रावर ज्यांची भिस्त नाही, ती राज्ये मतदाराच्या घरी पुस्तक पाठवितात. भाचीचे ‘वाचायचं ते नोव्हेंबरात’ हे वाक्य खरे ठरण्याचा दिवस उजाडला, तेव्हा टपालाच्या पेटीतून आलेले ते पुस्तक २२४ पानांचे होते आणि त्यात सतरा प्रश्न होते. काही घटनादुरुस्तीचे, काही साध्या कायद्यांचे. दर प्रश्नाला मथळा, सारांश, राज्याच्या हिशेबनिसांनी तयार केलेले जमाखर्चाचे विवेचन, बाजूचे म्हणणे, त्याचे खंडन, विरोधाचे म्हणणे, त्याचेही खंडन, आणि शेवटी बारीक टायपात मूळ मसुदा. दोन्ही बाजूंच्या लेखांखाली सरकार आपल्या खर्चाने अशी तळटीप छापते, की ही लेखकांची मते असून त्यांचा खरेखोटेपणा कोणत्याही सरकारी कचेरीने तपासलेला नाही. या तळटिपेइतका प्रामाणिक सरकारी मजकूर माझ्या वाचनात दुसरा नाही. पुस्तक हिंदीतही मिळते, तसेच चिनी, कोरियन, ख्मेर, टॅगालोग वगैरे भाषांतही. मराठीत मिळत नाही, ही गोष्ट मी जावईबापूंच्या नजरेस आणली तेव्हा ते म्हणाले, ‘‘बरं आहे की हो मामा, नाहीतर शुद्धलेखनावरून वाद होऊन मतदान राहून गेलं असतं.’’

रविवारी दुपारी जेवणे आटोपल्यावर ताटे बाजूला सारून दोघे नवराबायको त्या ग्रंथाचे पारायण करावयास बसली. सोबतीला शेजारचे एक तमिळ जोडपे आले. विधिमंडळाने कोणत्याही विधेयकाचा अंतिम मसुदा मतदानापूर्वी बहात्तर तास आधी प्रसिद्ध केलाच पाहिजे, अशी एक दुरुस्ती त्यांत होती. ती चौघांनी एकमताने उचलून धरली, आणि आमदारांनी न वाचता मते देऊ नयेत यावर दहा मिनिटे तावातावाने बोलून, पुढचे चार प्रश्न न वाचता फक्त सह्या कुणाच्या आहेत तेवढे पाहून निकालात काढले. विरोधाच्या लेखाखाली परिचारिकांच्या संघटनेची सही असली की एक पक्ष, करदात्यांच्या संघटनेची असली की दुसरा. प्लॅस्टिकच्या पिशव्यांबद्दल दोन निरनिराळे प्रश्न होते, आणि त्यांतल्या एकात बंदी हवी असेल तर ‘होय’ म्हणावयाचे होते; पिशव्यांच्या कारखानदारांनीच तो कायदा मतदानाला खेचल्यामुळे हा घोळ झाला होता. तमिळ शेजारीण व्यवसायाने हिशेबतपासनीस. तिने कागदावर तक्ता काढून दाखविला, तरी जावईबापूंना तो तिसऱ्या खेपेस उमगला. शेवटी सतरापैकी सहा प्रश्नांवर नवरा ‘होय’ आणि बायको ‘नाही’ असे निघाले. परस्परांची मते खोडून निघाल्यामुळे त्या सहा प्रश्नांपुरते दोघेही घरी बसले तर चालेल, ही माझी सूचना कुणी मनावर घेतली नाही.

ऑरेगन या बाबतीत याही पुढे आहे. तेथील मतदारपुस्तिकेत बाराशे डॉलर भरले, किंवा काहीशे मतदारांच्या सह्या आणल्या, की कोणाही सोम्यागोम्याचे म्हणणे छापून राज्यभर घरोघर पोहोचते. सरकार त्यातली शुद्धलेखनाची चूकही सुधारीत नाही. अर्थात तेथील गमत्या लोकांना हे व्यासपीठ सापडलेच. २००४ साली विवाहाची व्याख्या घटनेत घालणारी दुरुस्ती आली, तेव्हा तिच्या विरोधकांनी पैसे भरून ‘बाजूचे म्हणणे’ या सदराखाली असे लेख छापून आणले, की बाजूच्या माणसालाच लाज वाटावी. सरकारी पुस्तिकेत छापलेला आणि टपालाने घरपोच झालेला उपहास! आमच्या कित्येक विनोदी मासिकांना हे भाग्य लाभले नाही. त्याच राज्याने अलीकडे निराळाही उपाय करून पाहिला: चिठ्ठ्या टाकून वीसपंचवीस सामान्य मतदार निवडावयाचे, त्यांना काही दिवस एका खोलीत बसवून दोन्ही बाजूंचे म्हणणे ऐकवावयाचे, आणि त्यांचा अभिप्राय एका पानात पुस्तिकेत छापावयाचा. खरे सांगावयाचे तर, या सगळ्या खटाटोपात मला एवढी एकच गोष्ट मनापासून आवडली. तीत पैसे भरणारा कुणी नाही आणि मथळा लिहिणाराही कुणी नाही.

इतके सारे पार पडून प्रश्न मतदारापुढे येतो तेव्हा मतदार काय करतो? पुष्कळदा तो शहाण्या शेतकऱ्यासारखा, कागद कळला नाही तर अंगठा उठवीत नाही. १९७० साली लुइझियाना राज्याने मतदारांपुढे एकदम त्रेपन्न दुरुस्त्या ठेवल्या. मतदारांनी त्रेपन्नच्या त्रेपन्न फेटाळल्या. त्यांत चारदोन तरी निरुपद्रवी असतीलच, पण निवडीत कोण बसतो? त्यानंतर राज्याने निमूटपणे घटनासमिती बोलावली आणि १९७४ साली नवी घटना मंजूर करून घेतली. याच्या उलट फ्लोरिडाच्या मतदारांनी २००२ साली, गाभण डुकरिणीला तिच्या खोपटात वळून उभे राहता आले पाहिजे, हे कलम राज्याच्या घटनेत मोठ्या अंतःकरणाने घातले. डुकरिणीचे दुःख खरे होते. पण मूलभूत हक्कांच्या शेजारी तिला जागा मिळालेली पाहून राज्यातील धुरिणांना घाम फुटला, आणि दुरुस्ती मंजूर होण्यास यापुढे साठ टक्के मते लागावीत, अशी दुरुस्ती त्यांनी २००६ साली आणली. ती मंजूर झाली. मते पडली ५७.८ टक्के. म्हणजे जी अट तिने सगळ्यांना घातली, त्या अटीत ती स्वतः नापास झाली असती. परंतु परीक्षा तिच्यानंतर सुरू होणार होती.

आपल्याकडे मतदाराला असा थेट सवाल टाकल्याचा एक प्रसंग मराठी माणसाच्या चांगलाच स्मरणात आहे. गोव्याने महाराष्ट्रात विलीन व्हावे की केंद्रशासित प्रदेश म्हणून राहावे, हे विचारण्यासाठी १६ जानेवारी १९६७ रोजी तेथे जनमतकौल घेण्यात आला. घटनादुरुस्तीचा तो प्रश्न नव्हता, पण प्रश्न मतदाराकडे नेण्याची तऱ्हा पाहण्यासारखी होती: विलीनीकरण हवे त्याने फुलावर शिक्का मारावा, नको त्याने दोन पानांवर. शंभर शब्दांचा सारांश नाही, ॲटर्नी जनरलचा मथळा नाही, जमाखर्चाचे विवेचन नाही. अर्थात मजकुराची उणीव दुसरीकडून भरून निघाली. दयानंद बांदोडकरांच्या मंत्रिमंडळाने कौल निष्पक्ष व्हावा म्हणून आधीच राजीनामा दिला होता. ‘गोमन्तक’ दैनिक विलीनीकरणाच्या बाजूने आणि ‘राष्ट्रमत’ हे दैनिक विरोधात असे दोघे एकाच मराठीतून एकमेकांवर तुटून पडत होते, आणि महाराष्ट्रात जाऊ नका हे उत्तम मराठीत पटवून देण्याचे काम ‘राष्ट्रमता’ने केले. १,७२,१९१ लोकांनी दोन पाने निवडली, १,३८,१७० लोकांनी फूल. कौल आमच्या मनाविरुद्ध गेला म्हणून मुंबई-पुण्यात पुष्कळांनी सुस्कारे टाकले, पण प्रश्न कळला नव्हता अशी तक्रार मात्र कुणी केल्याचे मी ऐकलेले नाही. फूल आणि पान यांतला फरक न कळण्यासारखा नव्हताच.

तिकडे अलाबामाला आपल्या घटनेची लाज वाटू लागली होती. निदान वंशद्वेषाच्या कलमांची तरी. न्यायालयांनी ती केव्हाच निर्जीव केली होती, पण कागदावर ती तशीच होती. कृष्णवर्णीय व गौरवर्णीय यांच्या विवाहावरील बंदीचे कलम काढण्याचा प्रश्न २००० साली मतदारांपुढे आला तेव्हा शंभरांतील सुमारे चाळीसांनी ते राहू द्यावे असे म्हटले, आणि हा आकडा वाचून हसू येत नाही. उरलेली कलमे काढण्याचे पुढचे दोन प्रयत्न, २००४ साली आणि २०१२ साली, मतदारांनीच हाणून पाडले. अखेर राज्याने कारकून आणि वकील बसवून सगळी घटना नीट लावून घेतली; वंशद्वेषाचा मजकूर वगळला, द्विरुक्ती काढली, जिल्ह्याजिल्ह्यांच्या दुरुस्त्या जिल्हावार मांडल्या, बिंगोपाशी बिंगो ठेवला, आणि ही झाडूनपुसून स्वच्छ केलेली घटना नोव्हेंबर २०२२ मध्ये मंजुरीसाठी मतदारांपुढे ठेवली. मतदारांनी ती मंजूर केली. त्याच मतपत्रिकेवर, तिच्याच खाली, घटनेच्या आणखी दहा दुरुस्त्या होत्या.